वाकनीस

तीन, दोन, एक असे आकडे काचेच्या पाटीवरील लहानशा वर्तुळात उमटून विझतात आणि वरच्या कडेला तांबडी खूण लागते. एवढ्या तीन सेकंदांच्या अवकाशात माझ्यासारख्या पंच्याहत्तरी ओलांडलेल्या गृहस्थाच्या अंगात जो ताठरपणा संचारतो, तो याआधी मी आयुष्यात एकदाच अनुभवला होता, आणि तो म्हणजे माझ्या मुंजीत, वाईच्या फोटोवाल्याने काळ्या फडक्याखाली डोके खुपसून 'आता कोणी हलायचं नाही' असे फर्मावले त्या वेळी. पाठ आपोआप सरळ होते, घसा खाकरला जातो, आणि ज्या शब्दाने धड्याला आरंभ करावयाचे रात्रीच योजून ठेवलेले असते, तो शब्द नेमका त्याच क्षणी स्मरणातून रजा घेतो. वास्तविक संकोच वाटावा असे तेथे काहीच नाही. समोर मनुष्य नाही, माझा चेहरा कोणास दिसावयाचा नाही. टिपली जाणार ती केवळ पाटी, आणि पाटीवर जे जे घडेल ते. परंतु आपले करणे कोठेतरी लिहून ठेवले जात आहे, या नुसत्या जाणिवेनेही मनुष्य किती आज्ञाधारक होतो, याचा प्रत्यय मला या उतारवयात रोज सकाळी येऊ लागला आहे.

मी मोडी शिकवतो. उभी नोकरी दस्तनोंदणीच्या कचेरीत गेली. जुनी मोडी खरेदीखते, गहाणखते, वाटणीपत्रे बालबोधात, म्हणजे देवनागरीत, उतरवून देण्याचे काम तेथे माझ्या अंगावर पडले, आणि ते पडण्याचे कारण एवढेच की, ती लिपी वाचणारा दुसरा कोणी कचेरीत उरला नव्हता. मला ती आजोबांनी शिकवली. ते वाईच्या मामलेदार कचेरीत अव्वल कारकून होते, आणि सरकारी दफ्तर मोडीऐवजी बालबोधात चालवावे असे मुंबई इलाख्याच्या सरकारने 1917 साली ठरवल्याला तीन तपे लोटली तरी त्यांचा हात घरच्या हिशेबाला बसला की मोडीतच चालत असे. ओसरीवर चटई, पुढे उतरते मेज, मेजाच्या उजव्या अंगाच्या खाचेत शाईची दौत, आणि हातात त्यांनी स्वतः चाकूने तासलेला बोरू. 'लेखणी उचलायची ती दौतीत बुडवायला. बाकी वेळी तिनं कागद सोडला की हात मोडला समज,' असे ते म्हणत, आणि माझा हात आपल्या मुठीत धरून एकेक अक्षर गिरवून घेत.

ही लिपी तक्त्यावर पाहून येत नाही, ती कोणी लिहीत असताना पाहावी लागते, हे मी निवृत्तीनंतर पुण्यात वर्ग घेऊ लागलो तेव्हा मला नीट उमगले. आधी पानाच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत शिरोरेषा ओढायची, मग तिला अक्षरे टांगत जायचे. एका अक्षराची शेपटी वळून दुसऱ्याचे तोंड होते, शब्दाशब्दांत अंतर नाही, ह्रस्वदीर्घाची फिकीर नाही, आणि हात वेगात असला की दोन अक्षरांमधल्या वळणातून तिसऱ्याच अक्षराचा भास होतो. छापील तक्त्यातली मुळाक्षरे म्हणजे टाचणीला टोचून ठेवलेली फुलपाखरे. 2014 सालच्या जूनमध्ये युनिकोडच्या सातव्या आवृत्तीत मोडीला जागा मिळाली याचा मला आनंदच झाला, पण त्या टंकात सुटी बसवलेली अक्षरे एकमेकांचा हात धरीत नाहीत, आणि हात धरणे हाच तर मोडीचा सारा प्रपंच आहे. म्हणून माझ्या वर्गात, एका वाचनालयाच्या माडीवर, विद्यार्थी बाकांवर बसत नसत. माझ्या पाठीमागे अर्धवर्तुळ करून उभे राहत आणि खांद्यावरून वाकून पाहत.

2020 च्या मार्चमध्ये ती माडी बंद झाली. पुढे काय करावे या विवंचनेत मी पहिला प्रयोग केला तो मोबाइलचा. पुस्तकांच्या दोन चळतींवर एक फळी आडवी टाकली, फळीला खाच पाडून मोबाइल पालथा बसवला, आणि खाली कागदावर लिहिले. त्या चित्रणात लिपीचा भाग थोडा होता. बाकी माझ्या मनगटाची सावली, दिव्याचा गोळा, आणि मी वाकलो की हळूहळू वर चढणारा माझ्या टकलाचा चंद्र. मुलाने तो उद्योग पाहिला आणि न बोलता आपली टॅबलेट, म्हणजे ज्या यंत्राला मी प्रथमपासून पाटीच म्हणत आलो ती, आणि तिची लेखणी माझ्यासमोर आणून ठेवली. स्क्रीन रेकॉर्डिंग करतात कसे ते मात्र मला नातीने शिकवले. 'आजोबा, वरच्या कोपऱ्यातून बोट खाली ओढा, तो गोल दाबा, झालं.' तिच्या लेखी ते झालेच होते. मला ते समजावयास आठवडा लागला, कारण यंत्र स्वतःलाच पाहते आणि स्वतःचेच चित्र काढते ही कल्पना पचवणे मला जड गेले. डोळा कोठे आहे, असे मी तिला विचारले. डोळा नाहीच, असे तिने सांगितले. पडद्यावर जे उमटवायचे ते यंत्राला आधीच ठाऊक असते, ते उमटवताना त्याची एक नक्कल ते बाजूला ठेवून देते, एवढेच. नक्कल या शब्दाने मी शांत झालो. नकला काढण्यात माझी छत्तीस वर्षे गेली होती.

ही सोय तशी जुनी नाही. आयपॅड 2010 साली आला, परंतु त्याच्या पडद्यावरील घडामोड टिपावयाची तर प्रारंभी लोकांना माझ्यासारखीच कॅमेऱ्याची तिवई उभारावी लागे. 2014 पासून तो तारेने ॲपलच्याच संगणकाला जोडून चित्रण घेता येऊ लागले, आणि पाटीला स्वतःच स्वतःची नोंद ठेवण्याचा अधिकार मिळाला तो 2017 च्या सप्टेंबरात, आयओएस 11 बरोबर. अँड्रॉइडच्या पाट्यांना घरचे असे साधन 2020 साली, अकराव्या आवृत्तीत लाभले. म्हणजे मी शिकत होतो त्याच साली पुष्कळ जग शिकत होते. त्या वर्षी गणिताचे शिक्षक, गाण्याच्या बाई, दुकानाचा हिशेब ठेवणारे, सगळेच आपापली पाटी टिपून कोणाकोणास धाडीत होते.

या बिनडोळ्याच्या नोंदणाऱ्याला मी मनाशी वाकनीस हे नाव दिले. शिवछत्रपतींच्या अष्टप्रधानांत मंत्री हे जे पद होते, त्यालाच फारसी वळणाने वाकनीस म्हणत. 1674 च्या राज्याभिषेकाच्या वेळी ते दत्ताजी त्रिंबक यांच्याकडे होते. वाकिया म्हणजे घडलेली गोष्ट, आणि ती लिहितो तो वाकियानवीस, आपल्या जिभेवर घासून वाकनीस. राजा केव्हा कोठे गेला, दरबारात कोण आले, निमंत्रणे कोणास गेली, याची रोजची नोंद त्याने ठेवावयाची. राजाने निवडलेला हा अधिकारी काय लिहावे आणि काय पोटात ठेवावे याचा विवेक बाळगून असणारच. माझ्या पाटीतील वाकनिसाला तो विवेक नाही. तो सारे लिहितो. मी ते वर्तुळ दाबले की ज्या फळीवर ते वर्तुळ असते ती फळी वर सरकून नाहीशी होते, आणि ते सरकणेही प्रत्येक धड्याच्या आरंभी नोंदलेले असते. नाटकाच्या प्रत्येक प्रयोगात प्रथम पडदा ओढणारा गडी दिसावा, तसे. शेवटी मी ते थांबवण्यासाठी करतो ती धडपडही असते.

त्याची लिहिण्याची तऱ्हा मात्र मला मनापासून आवडली. सेकंदाला तीस किंवा साठ चित्रे म्हणजे अर्ध्या तासात लाखभर चित्रे, आणि ती एवढ्याशा पाटीत मावतात कशी, असे मी मुलाला विचारले, तेव्हा त्याने जे सांगितले ते ऐकून मला आजोबांची रोजकीर्दच आठवली. ती सारी चित्रे पूर्णपणे लिहून ठेवीतच नाहीत. अधूनमधून एक चित्र संपूर्ण घ्यावयाचे, आणि त्यापुढे मागल्यापेक्षा काय बदलले तेवढ्याचाच तपशील टिपावयाचा. जे हलले नाही ते मागील पानावरून पुढे चालू. रोजकीर्दीत तरी दुसरे काय असते? शिल्लक एकदा मांडली की जमा झालेले आणि खर्ची पडलेले तेवढेच लिहावयाचे. कोणी रोज पेटीतील प्रत्येक नाणे नव्याने मोजून त्याचे वर्णन करीत बसत नाही. त्यामुळे क्रिकेटच्या सामन्याचे चित्रण भराभर जागा खाते, आणि पांढऱ्या पाटीवर एकच ओळ सावकाश सरकत असलेला माझा धडा त्या मानाने फार थोडक्यात आटोपतो. मी लिहावयाचे थांबून विचारात पडलो तर वाकनिसाला लिहिण्याजोगे जवळजवळ काहीच उरत नाही.

एकदा एका पेशवेकालीन पत्राचा मायना उलगडून दाखवीत असता, 'राजश्री'ची वळणे अगदी रंगात आलेली, तोच पाटीच्या माथ्यावरून एक पट्टी घसरत खाली आली: 'गॅसवाला येतोय, पैसे काढून ठेवा. कोथिंबीर संपली.' सूनबाईचा निरोप. मी बोटाने तो वर ढकलला आणि पुढे गेलो. वाकनिसाने तो इमानाने लिहून घेतला, मी तो धडा तसाच धाडला, आणि पुढल्या खेपेस तीन विद्यार्थ्यांनी कोथिंबिरीची चौकशी केली. तेव्हापासून चित्रणापूर्वी निरोप बंद ठेवण्याची कळ मी न चुकता दाबतो. तरी त्या फजितीचे मला फारसे वाईट वाटले नाही. पेशवे दफ्तरात ज्यांनी कागदांचे रुमाल सोडले आहेत त्यांना विचारा: एकाच रुमालात मोहिमेवरचे निकडीचे पत्र निघते आणि त्याला चिकटून कोठीतल्या तांदूळ-तुपाची याद निघते. रियासतकार सरदेसायांनी 1930 ते 1934 या काळात त्या दफ्तरातील निवडक कागदांचे 45 खंड सिद्ध केले. परंतु ज्यांची निवड झाली नाही असे कागद त्याहून कितीतरी पटींनी आत आहेत, आणि पेशवाईतल्या स्वयंपाकघरात काय शिजे हे ज्याला पाहिजे असेल, त्याला यादींकडेच जावे लागते.

ज्या ठिकाणी हा वाकनीस हटकून आंधळा होतो असे एक ठिकाण आहे. नातीने पैसे भरून पाहण्याचा एक सिनेमा त्याच्याकडून टिपून घेण्याचा घाट घातला. पडद्यावर चित्र उत्तम दिसत होते, नोंदीत मात्र निखळ काळोख निघाला. मालकांनी आधीच बंदोबस्त करून ठेवला होता. सामान्य माणसाच्या कोथिंबिरीला तसे संरक्षण नाही, एवढे मी तिच्याजवळ बोललो.

परंतु मला खरे बोलावयाचे आहे ते खाडाखोडीविषयी. जुन्या पोथ्यांत लेखनिकाचा हात चुकला की चुकीवर हरताळाचा पिवळा लेप चढवून त्यावर नवे अक्षर लिहीत. 'हरताळ फासणे' हे आपण आज ज्या अर्थाने म्हणतो त्याचे मूळ तेथे आहे. हरताळ चूक झाकतो, पण येथे चूक झाली होती ही गोष्ट झाकीत नाही. तो पिवळा डाग शतकानुशतके साक्ष देत बसतो. आमच्या खात्यातही नियम तोच. 1908 च्या नोंदणी कायद्याच्या विसाव्या कलमाप्रमाणे दस्तात खाडाखोड असेल, दोन ओळींच्या मध्ये काही घुसडलेले असेल, तर करून देणाराने तेथे सही केल्याखेरीज असा दस्त नोंदणी अधिकारी नाकारू शकतो. पाटीचे मात्र निराळे. दोन बोटे काचेवर टेकवली की शेवटचे वळण मुळी झालेच नव्हते. डाग नाही, खूण नाही, सहीची गरज नाही. अशी निष्कलंक पाने मी पहिल्या महिन्यात पुष्कळ तयार केली, आणि त्यांकडे पाहून मला आपले अक्षर सुधारल्याचा भ्रमही झाला. वाकनिसाच्या नोंदीने तो उतरवला. 'श्री' चारदा लिहून तीनदा पुसलेला तेथे दिसत होता. नात म्हणाली, 'कापून टाका ना तेवढं, कुणाला कळणार?' कापणे सोपे आहे हे तिने करूनही दाखवले. मी ते केले नाही. शिकणाऱ्याला चौथ्या 'श्री'पासून काय मिळावयाचे? पहिला का बिघडला, दुसऱ्यात मी काय सांभाळावयास गेलो आणि काय सोडून बसलो, हे त्याने पाहावे. आणि ज्या शिक्षकाचा हात साठ वर्षांनीही तीनदा चुकतो त्याला पाहून आपल्या चुकीची लाज थोडी कमी करून घ्यावी. धुळपाटीवर गिरवणारी मुले एकमेकांच्या चुका पाहतच मोठी झाली. माझे धडे त्यामुळे लांबट आहेत, आणि ज्याला चटपटीत धडे हवे असतील त्याने दुसरीकडे जावे.

या नोंदीत सर्व असते, पण हात नसतो. काही पाट्यांत बोटाच्या जागी पांढरा ठिपका दाखवण्याची सोय असते. माझ्या पाटीच्या चित्रणात बोट, मनगट, लेखणी यांपैकी काहीच उमटत नाही. कोऱ्या पाटीवर आधी एक शिरोरेषा आपोआप उगवते, मग तिला अक्षरे आपोआप लोंबू लागतात. अदृश्य कारकून बसला आहे आणि त्याच्या शाईचा ओलावा तेवढा आपणास दिसतो आहे, असे वाटते. प्रथम मला हे उणे वाटले. नंतर ध्यानात आले की, माडीवरच्या वर्गात पाठीमागून वाकणाऱ्यांना माझ्या हातामुळेच निम्मे अक्षर दिसत नसे, आणि दर दोन मिनिटांनी कोणीतरी 'सर, जरा हात काढा' म्हणत असे. येथे तो कायमचाच काढलेला होता.

गेल्या वर्षीच्या पावसाळ्यात एक संपूर्ण धडा, अडतीस मिनिटांचा, मुका निघाला. ते वर्तुळ नुसते दाबले तर चित्रण सुरू होते. दाबून धरले तरच मायक्रोफोनची कळ दिसते, आणि ती कळ आदल्या दिवशी नातीने आपल्या खेळासाठी मिटवून ठेवली होती. न पाहता बसलो, ही चूक सर्वस्वी माझी. पुसून टाकण्यापूर्वी सहज म्हणून तो चालू केला, आणि एकही शब्द ऐकू येत नसल्यामुळे मला पहिल्यांदाच माझी ओळ नीट पाहता आली. ती चालता चालता थांबत होती. चार-पाच शब्द झाले की थांबे, सुमारे दीड सेकंद, आणि मग जेथे सोडले तेथूनच पुढे निघे. पुन्हा चार-पाच शब्द, पुन्हा दीड सेकंद. शंका आली की पाटीच अडखळते आहे. मुलाने तपासून ती निर्दोष ठरवली. मी विचार करावयास थांबत असेन म्हणावे, तर विचार इतका घड्याळाबरहुकूम कोणाचा चालत नाही. दुसऱ्या दिवशी चित्रण न करता मेजाशी बसलो, लिहू लागलो, आणि डोळे पाटीवर न ठेवता हातावर ठेवले. पाचव्या शब्दानंतर हात उचलला गेला, उजवीकडे वीतभर गेला, मेजाच्या कडेशी जेथे काही नव्हते तेथे किंचित बुडाला, आणि परत आला. त्या लेखणीला शाई लागत नाही. बोरू सुटून मला पासष्टांहून अधिक वर्षे झाली. मधल्या काळात टाक झाला, फाउंटन पेन झाले, बॉलपेन झाले, छत्तीस वर्षे सरकारी नकला झाल्या, आणि मला हे कोणी सांगितले नाही, बहुधा कोणाच्या ध्यानातच आले नाही. मी तो मुका धडा पुसला नाही.

न्यू जर्सीत राहणारी एक मुलगी गेली दोन वर्षे माझ्या धड्यांवर मोडी शिकते आहे. तिच्या पणजोबांची कोकणातल्या एका गावच्या खोतीची कागदपत्रे ट्रंकेत निघाली, ती तिला स्वतः वाचावयाची आहेत. वर्गात ती कधी आली नाही, आमची समक्ष भेट नाही. फोनवर ती मला काका म्हणते. मागल्या रविवारी तिने आपल्या पाटीवर एक सबंध पत्र मोडीत लिहिले आणि त्याचे स्क्रीन रेकॉर्डिंग मला तपासावयास पाठवले. अक्षर अजून कच्चे आहे, 'ल' आणि 'ळ' यांत ती घोटाळा करते, पण शिरोरेषा सरळ आहे आणि वळणे माझ्या आजोबांची आहेत. मी तिला शिरोरेषा, वळणे, मायने, अंक सर्व सांगितले. थांबण्याविषयी कोणत्याही धड्यात अवाक्षर काढलेले नाही, आणि दौत तिने जन्मात पाहिलेली नाही. पाचव्या शब्दानंतर तिची ओळ थांबते, दीड सेकंद, आणि पुढे चालू लागते.